चप्पलांच्या पेजला ऑटो-लाईकचं पॅकेज घ्यावं का?

कापशीची सून

नमस्कार मंडळी. कागल तालुक्यातून लिहितेय. आमच्या घरी कापशी चप्पल करतात, कोल्हापुरीतलाच एक प्रकार, सासऱ्यांच्या वडिलांपासून. सासरे कातडं कापतात, तळ जोडतात, वादीनं शिवतात. सासूबाई वेणी विणतात, गोंडे करतात. फोटो काढणं, फेसबुक-इन्स्टाग्राम सांभाळणं, गिऱ्हाइकाशी बोलणं आणि पार्सल बांधणं माझ्याकडं.

२०२५ च्या जूनमध्ये प्राडा या इटलीच्या फॅशन कंपनीनं मिलानच्या शोमध्ये आपल्यासारखीच चप्पल दाखवली आणि गाजावाजा झाला, तेव्हा आमच्याकडंही विचारणा वाढली होती. पुण्या-मुंबईची माणसं आपणहून मेसेज करायची. आता ते थंडावलंय. मागच्या आठवड्यात सासरे रापीनं कातडं कापतानाचा व्हिडिओ टाकला. इतका छान निघाला होता, हात कुठं थांबत नाही की चुकत नाही, आणि लाईक आले चाळीस-पंचेचाळीस. त्याच दिवशी रेक्झिनची चप्पल 'अस्सल कोल्हापुरी' म्हणून विकणारं एक पेज बघितलं. तिथं एकेका फोटोला आठ-दहा हजार रिॲक्शन. सासऱ्यांनी माझ्या हातातला फोन घेऊन तो आकडा बघितला आणि काही न बोलता परत दिला. मला फार वाईट वाटलं.

आता नात्यातल्या एकाच्या ओळखीचा मुलगा व्हॉट्सॲपवर मागं लागलाय. त्याच्याकडं ऑटो-लाईकर आहे. तीन महिन्यांचं पॅकेज अडीच हजार रुपये. पोस्ट टाकली की पाच मिनिटांत आपोआप पाचशे रिॲक्शन यायला लागणार, त्यात नुसते अंगठे नाहीत, लव्ह आणि वाव मिसळून, म्हणजे खरं दिसतं म्हणे. दुसरा प्रकार फुकटचा आहे. त्यात एका साईटवर जाऊन फेसबुकनं लॉगिन करायचं, मग वर पत्त्याच्या जागी लांबलचक ओळ येते ती कॉपी करायची आणि त्यांच्या चौकोनात पेस्ट करायची. फोनवरूनच करायचं असेल तर त्यानं एक एपीके, म्हणजे ॲपची फाईल, पाठवलंय. ते प्ले स्टोअरवर मिळत नाही.

अडीच हजार म्हणजे आमच्याकडं एका चांगल्या जोडाचे पैसे, म्हणून विचारतेय. खातं सुरक्षित राहतं का? पेज सासऱ्यांच्या खात्यावरून चालतं आणि त्याच फोनवर त्यांचं बँकेचं ॲप आहे. आणि मुख्य म्हणजे, याच्यानं चप्पल विकली जाते का? कुणी जवळून बघितलं असेल त्यानं खरं काय ते सांगावं.

होलसेल इचलकरंजी

ताई, मी टॉवेल-चादरीच्या धंद्यात आहे. आमच्या लाईनीत निम्मे लोक हे लावून बसलेत. गिऱ्हाईक आधी आकडा बघतं. चाळीस लाईकच्या पोस्टवर कोण थांबणार? सुरुवातीला थोडा जोर लावून द्यावा लागतो, पुढं गाडी आपली आपण चालते.

फक्त टोकन, पासवर्ड असलं काही देऊ नका. पॅनेलवरून घ्या. लाईक-फॉलोअर विकणाऱ्या साईट असतात, एसएमएम पॅनेल म्हणतात त्याला. तिथं नुसती पोस्टची लिंक टाकायची, यूपीआयनं पैसे भरायचे, काम झालं. हजार लाईकचा रेट बघून घ्या आणि 'नॉन-ड्रॉप' किंवा 'रिफिल' लिहिलेलंच घ्या, नाहीतर आठवड्यात लाईक गळतात. तो पोरगा तुम्हाला अडीच हजार सांगतोय, तेवढेच लाईक पॅनेलवर त्याच्या कितीतरी कमी पैशात मिळतील. तो पण तिथूनच उचलून तुम्हाला विकतोय.

मोबाईल दुरुस्ती, गडहिंग्लज

ताई, ती ओळ अजून पेस्ट केली नसेल तर करू नका. एपीके उतरवून घेतलं असेल तर उघडू नका, काढून टाका. बाकीचं सावकाश वाचा.

माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. हल्ली 'माझं फेसबुक उघडत नाही', 'माझ्या खात्यावरून कायतरी भलतंच जातंय' म्हणून बरीच माणसं येतात, आणि त्यातल्या पुष्कळांनी आधी असलं काहीतरी लावलेलं असतं. त्यामुळं लिहायला बसलोय ते जरा लांबेल.

त्या लांबलचक ओळीत ॲक्सेस टोकन असतं. तुम्ही एखाद्या ॲपमध्ये 'फेसबुकनं लॉगिन' करता तेव्हा फेसबुक त्या ॲपला तुमचा पासवर्ड देत नाही, एक चिठ्ठी देतं: ही चिठ्ठी दाखवणाऱ्याला या माणसाच्या नावानं अमुक अमुक करता येईल. चिठ्ठी कुणाच्या हातात आहे हे फेसबुकला दिसत नाही. ऑटो-लाईकरवाल्यांनी नेमकं तेच हेरलं. मोठमोठ्या नावांची काही ॲप होती, त्यांना लाईक-कमेंट करायची परवानगी मिळालेली होती आणि त्यांची सुरक्षा ढिली होती. लोकांना त्या ॲपच्या नावावर लॉगिन करायला लावायचं आणि बाहेर पडलेलं टोकन आपल्याकडं जमा करायचं. २०१७ मध्ये काही संशोधकांनी या जाळ्यांत स्वतःची खाती मुद्दाम घुसवून माग काढला, तेव्हा दहा लाखांहून जास्त फेसबुक खाती त्यात अडकलेली सापडली. फुकट लाईक मिळतील म्हणून आपल्या हातानं टोकन देऊन बसलेल्यांची ही खाती.

म्हणजे तुमच्या व्हिडिओला जे पाचशे लाईक येतील ते असल्याच पाचशे जणांच्या खात्यावरून येणार, त्यांना पत्ताही नसताना. आणि तुमच्या सासऱ्यांच्या खात्यावरून दुसऱ्या कुणाकुणाला लाईक जाणार, सासऱ्यांना पत्ता नसताना. फुकट म्हणतात त्याची किंमत ही आहे.

हे दिसतं कसं ते सांगतो. आमच्या भागातले जिल्हा परिषदेचे एक शिक्षक दुकानात आले होते. त्यांच्या मुलानं त्यांच्या फोनवर असला लाईकर लावला होता. मी त्यांच्यासमोरच ॲक्टिव्हिटी लॉग, म्हणजे खात्यावरून काय काय झालं त्याची नोंद, उघडला. रात्री दोन-अडीचच्या सुमाराला, सर झोपलेले असताना, ओळीनं लाईक. कुठल्या परदेशी पोराचे जिममधले फोटो, अरबी अक्षरांतल्या पोस्ट, कुणाचं लग्न, एक नको तसलं पेज, त्याच्या खाली निवडणुकीतल्या एका उमेदवाराचा बॅनर. मी अंगठ्यानं खाली सरकवत होतो आणि यादी संपत नव्हती. सर त्या बॅनरवरच थांबले. आचारसंहितेच्या काळात सरकारी शिक्षकाच्या नावावर तो लाईक दिसणं म्हणजे काय, हे मी त्यांना सांगायची गरज नव्हती. एकेक लाईक काढत आम्ही दुपार घालवली.

टोकनचा मार्ग आता पूर्वीसारखा मोकळा राहिलेला नाही. २०१८ मध्ये फेसबुकनं ॲपला आपल्या नावानं पोस्ट-लाईक करू देणारी परवानगीच बंद केली. म्हणून आताच्या साईट बऱ्याचदा कुकी मागतात, म्हणजे तुम्ही लॉगिन आहात याची ब्राउझरनं जपून ठेवलेली खूण, नाहीतर सरळ पासवर्ड. कुकी देणं टोकनपेक्षा वाईट. तुम्ही लॉगिन होऊन बसलेलं अख्खं खातंच त्यांच्या ब्राउझरमध्ये उघडतं, आणि ओटीपीची दुसरी पायरीही मध्ये येत नाही, कारण फेसबुकच्या लेखी तुम्ही आधीच आत आहात.

आणि एपीके. ते उघडलं की पहिल्यांदा 'ॲक्सेसिबिलिटी' चालू करा म्हणून विचारतं. ही सोय अंध किंवा हात नीट चालत नाहीत अशा माणसांसाठी केलेली आहे. ती ज्या ॲपला दिली त्याला स्क्रीनवरचं सगळं वाचता येतं आणि तुमच्या जागी बोटही दाबता येतं. लाईकरला ती हवी असते आपोआप लाईक दाबायला. पण तेच बोट बँकेच्या ॲपवरही चालतं. त्यात एसएमएस वाचायची परवानगी दिली तर ओटीपी पण गेला. सासऱ्यांच्या त्या फोनवर बँक आहे म्हणालात, म्हणून मी पहिल्याच ओळीत डिलीट करा म्हटलं.

आता होलसेलवाल्या दादांचा मुद्दा. पॅनेलवर पासवर्ड लागत नाही हे खरं आहे, खात्याला तेवढा धोका नाही हे पण मान्य. लाईक गळतात म्हणून मी तुम्हाला घाबरवणारही नाही. २०१९ मध्ये नाटोशी संलग्न असलेल्या लॅटव्हियातल्या एका केंद्रानं हेच तपासायला ३०० युरो खर्च करून ३,५३० कमेंट, २५,७५० लाईक, २०,००० व्ह्यू आणि ५,१०० फॉलोअर विकत घेतले होते. चार आठवड्यांनी बघितलं तर पाचातले चार जसेच्या तसे होते. म्हणजे टिकतात. पण माझा आक्षेप टिकण्या-गळण्यावर नाहीच. टिकलेला लाईक तुमचं काय करतो ते बघा.

इन्स्टाग्रामचे प्रमुख ॲडम मोसेरी यांनी २०२५ च्या जानेवारीत सांगितलं होतं की पोस्ट किती लोकांना दाखवायची हे ठरवताना तीन गोष्टींना सगळ्यात जास्त वजन असतं. लोक किती वेळ बघतात, ज्यांना दिसली त्यांच्यापैकी किती जण लाईक करतात आणि किती जण ती पुढं कुणाला पाठवतात. जे तुम्हाला फॉलो करत नाहीत अशा नव्या माणसांपर्यंत जायचं असेल तर पाठवण्याचं महत्त्व जास्त. विकतचा लाईक व्हिडिओ बघत नाही. बहिणीला 'ही घेऊया का' म्हणून पाठवत नाही. तो येतो, बटण दाबतो, जातो.

लव्ह-वाव मिसळून देतो म्हणतो ना तो पोरगा, त्याचंही मूळ आहे. २०१६ मध्ये फेसबुकनं अंगठ्याच्या जोडीला ती चिन्हं आणली आणि २०१७ पासून एका चिन्हाला साध्या लाईकच्या पाचपट वजन दिलं. ही गोष्ट बाहेर आली २०२१ मध्ये, कंपनीची आतली कागदपत्रं फुटली तेव्हा. पण तोवर फेसबुकनं ते वजन उतरवलेलं होतं, रागाच्या चिन्हाचं तर २०२० मध्येच शून्य केलं होतं. विकणारे अजून तोच जुना हिशेब सांगून जास्त पैसे घेतात.

सगळ्यात मोठं नुकसान तुम्ही पुढं जाहिरात कराल तेव्हा होतं, आणि याच्याबद्दल कुणी बोलत नाही. उद्या दिवाळीच्या आधी तुम्ही रोजचे दोन-तीनशे रुपये लावून जाहिरात द्यायची ठरवली. मेटा, म्हणजे फेसबुक-इन्स्टाग्रामची कंपनी, तुम्हाला विचारतं, तुमच्या पेजवर आधी येऊन गेलेल्या माणसांना दाखवू का, किंवा त्यांच्यासारख्या नव्या माणसांना शोधू का? चांगली सोय आहे, छोट्या धंद्याला फार उपयोगी. पण तुमच्या पेजवर आधी आलेली माणसं जर पॅनेलची असतील तर मेटा तुमचे पैसे घेऊन त्यांच्यासारखीच आणखी शोधून आणणार. पुण्यातल्या ज्या बाईला नऊवारीवर घालायला कापशी पाहिजे, ती त्या यादीत कुठंच नाही. आणि एकदा ते मिसळलं की निवडून काढता येत नाही.

हे लाईक येतात कुठून, ते पण माहीत असावं. २०१७ मध्ये थायलंडमध्ये कंबोडियाच्या सीमेजवळ एका भाड्याच्या घरात पोलिसांनी धाड घातली. तिथं रॅकवर शेकडो आयफोन मांडलेले आणि साडेतीन लाखांच्या आसपास सिम कार्डं. फोन आपापले लाईक मारत बसलेले. आपल्याकडंही २०२० च्या जुलैत मुंबई पोलिसांच्या गुन्हे शाखेनं खोट्या फॉलोअरच्या धंद्याचा तपास उघडला होता. एका गायिकेच्या नावाचं खोटं खातं सापडलं, तिथून ते प्रकरण निघालं. पॅनेलवाला स्वतः काही करत नाही. तो दुसऱ्या पॅनेलकडून घेतो, तो तिसऱ्याकडून. खाली शेवटी असले फोन असतात, चोरलेली खाती असतात, नाहीतर चार पैशांसाठी दिवसभर लाईक दाबत बसलेली गरीब पोरं असतात. ज्या घरात एक जोड करायला इतके हात लागतात, त्या घरानं आपल्या कामावर हे लावून घ्यावं असं मला मनापासून वाटत नाही.

होलसेल इचलकरंजी

जाहिरातीचं हे माहीत नव्हतं. आमच्या जाहिरातीला क्लिक येतात आणि चौकशी येत नाही, एजन्सीवाला म्हणतो फोटो बदला. बघायला लागंल. पण आकडा बघून गिऱ्हाईक थांबतं हे माझं म्हणणं कायम आहे.

एडिसनकर

मी न्यू जर्सीत असतो, मूळचा साताऱ्याचा. गिऱ्हाईक म्हणून लिहितो, कारण गेल्या वर्षी मी आणि मित्रांनी मिळून कोल्हापुरी मागवल्या तेव्हा बरीच पेजं चाळली होती.

होलसेलवाले म्हणतात तसा आकडा मी बघितला, नाही असं नाही. पण लांबून पैसे पाठवायचे म्हटल्यावर माणूस तिथं थांबत नाही, कमेंटमध्ये जातो. दहा हजार लव्ह आणि खाली 'नाईस', 'सुपर', 'वाव डियर' एवढंच असेल, कुणी माप विचारलेलं नाही, कुणी 'पोचली, छान आहे' म्हटलेलं नाही, तर मी ते पेज बंद करतो. शेवटी ज्यांच्याकडून घेतल्या त्यांच्या पोस्टला लाईक फार नव्हते. पण एका बाईंनी विचारलं होतं की पावसात भिजली तर काय करायचं, आणि त्यांनी तीन ओळींचं नीट उत्तर दिलं होतं: सावलीत वाळवा, उन्हात टाकू नका, मग तेलाचा हात फिरवा. ते वाचून मी पैसे पाठवले. आणि तळाच्या शिलाईचा जवळून काढलेला फोटो होता, वादी दिसत होती. रेक्झिनवाला तसा फोटो कधीच टाकत नाही.

अजून एक. तुमचा माल कधी इकडं यायचा असेल तर इथला नियमही कडक झालाय. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशननं २०२४ च्या ऑक्टोबरपासून खोटे रिव्ह्यू आणि बॉटचे किंवा चोरलेल्या खात्यांचे फॉलोअर-व्ह्यू धंद्यासाठी विकायला आणि जाणूनबुजून विकत घ्यायलाही बंदी केली. त्याच्याही आधी, २०१९ मध्ये, डेव्हुमी नावाच्या कंपनीवर खोटे फॉलोअर आणि लाईक विकल्याबद्दल २५ लाख डॉलरचा आदेश निघाला होता. तिथं विकणाराच पकडला गेला, पण नव्या नियमात घेणाराही येतो.

हडपसर

वरच्या सगळ्यात एक जोड देतो. तो जो मुलगा लाईक विकतोय, त्यानं कुठल्या टेलिग्राम ग्रुपमध्ये बोलावलं तर शिरू नका. लाईक विकणारे ग्रुप आणि 'व्हिडिओ लाईक करा, प्रत्येकी ५० रुपये मिळवा' म्हणणारे ग्रुप बऱ्याचदा एकमेकांत मिसळलेले असतात. आमच्या सोसायटीतल्या एका मुलीला असंच ओढलं. पहिल्या दिवशी दीड-दोनशे रुपये खरोखर खात्यात आले, म्हणून विश्वास बसला. मग 'प्रीपेड टास्क', आधी पैसे भरा मग जास्त मिळतील. भरत गेली. बाहेर पडायचं म्हटलं की 'अजून एक टास्क केल्याशिवाय आधीचे सुटणार नाहीत'. घरातल्यांना कळेपर्यंत मोठी रक्कम गेली होती. असं कुणाचं झालं तर वेळ न घालवता १९३० ला, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाईनला, फोन करायचा. जितक्या लवकर कराल तितकी पुढच्या खात्यात रक्कम गोठवता यायची शक्यता जास्त.

कापशीची सून

सगळ्यांचे आभार. एपीके काढून टाकलं. त्या मुलाला नको म्हणून कळवलं, तर तो म्हणतोय आता ५० टक्के सूट देतो.

गडहिंग्लजचे दादा, तुमचं वाचून त्या रेक्झिनवाल्या मोठ्या पेजच्या रिॲक्शनची यादी उघडून बघितली. आपल्याकडचं एकही नाव सापडेना. सासूबाईंनाही दाखवली. त्या म्हणाल्या, ही माणसं चप्पल कुठं घालणार?

पण आता दुसरीच काळजी लागलीय. फेसबुकमध्ये 'कुठं कुठं लॉगिन आहे' तिथं बघितलं तर आमच्या फोनशिवाय आणखी एक दिसतंय, ओळखीचं नाही. दोन महिन्यांपूर्वी दिरांनी 'फॉलोअर वाढवा' म्हणून काहीतरी लावलं होतं असं आत्ता कळतंय. काय काय करू, क्रमानं सांगाल का? आणि पॅकेज घ्यायचं नाही तर त्या अडीच हजारांचं काय करावं, तेही सांगा. दिवाळीच्या आधी काहीतरी करायचंच आहे.

मोबाईल दुरुस्ती, गडहिंग्लज

आधी फोन स्वच्छ करून घ्या, कारण चोर फोनमध्येच असेल तर नवा पासवर्डही त्याला दिसणार. सेटिंगमध्ये ॲक्सेसिबिलिटी उघडा, तिथं कुठल्या अनोळखी ॲपला परवानगी दिलेली असेल तर ती बंद करा आणि ते ॲप काढून टाका. प्ले स्टोअरमध्ये 'प्ले प्रोटेक्ट' आहे, ते चालवा.

मग सासऱ्यांच्या खात्याचा पासवर्ड बदला. बदलताना 'बाकी सगळ्या ठिकाणाहून लॉगआउट करा' असं विचारेल, तिथं हो म्हणा. त्यानं जुनी टोकनं आणि कुकी दोन्ही मरतात. तोच पासवर्ड ईमेलला असेल तर तो आणखी वेगळा करा, कारण ईमेल हातात असला की फेसबुक परत उघडता येतं. मग दोन टप्प्यांची पडताळणी चालू करा. 'ॲप आणि वेबसाईट' म्हणून एक यादी आहे, दिरांनी लावलेलं ॲप तिथं दिसेल. ते काढा. हेच सगळं इन्स्टाग्रामलाही करा. इन्स्टाग्रामनं २०१८ च्या नोव्हेंबरपासून अशा ॲपमधून आलेले लाईक-फॉलो काढायला सुरुवात केली, आणि ज्यांची खाती त्यात वापरली गेली त्यांना पासवर्ड बदला म्हणून सांगितलं होतं. तसा संदेश तुम्हाला आला असेल आणि कुणी बघितला नसेल, तर जुने संदेश एकदा चाळा.

ॲक्टिव्हिटी लॉग सासऱ्यांबरोबर बसून बघा, एकट्यानं नको. त्यांच्या नावानं काय काय गेलंय ते त्यांना कळायला हवं. कुठल्या नातेवाइकानं विचारलं तर उत्तर देता येईल.

अडीच हजारांबद्दल. निम्मे पैसे एका साध्या ट्रायपॉडवर आणि कॉलरला लावायच्या माईकवर घाला. कापशीची करकर हा तुमचा माल आहे ताई. ती रेक्झिनमधून निघत नाही. तुमच्या व्हिडिओवर गाणं लावलेलं असेल तर काढा, सासऱ्यांना नवा जोड घालून फरशीवर चालायला लावा आणि तेवढाच आवाज राहू द्या. सासूबाईंची बोटं वेणी विणताना अगदी जवळून घ्या, चेहरा नसला तरी चालेल. तळाला वादीची शिलाई कशी बसते ते एडिसनकरांना बघायचं होतं, तसं सगळ्यांनाच बघायचं असतं. बाभळीच्या सालीत आणि हिरड्यात कमावलेलं कातडं आणि साधं कातडं शेजारी ठेवून दाखवा. असा व्हिडिओ माणूस शेवटपर्यंत बघतो आणि पुढं पाठवतो.

प्रत्येक पोस्टखाली किंमत लिहा. 'किमतीसाठी मेसेज करा' लिहिलं की निम्मी माणसं जातात. पायाचं माप कागदावर कसं काढून पाठवायचं याचा एक व्हिडिओ करून पेजवर सगळ्यात वर लावून ठेवा. जुन्या गिऱ्हाइकांना व्हॉट्सॲपवर मेसेज करून पायात घातलेल्या जोडाचा फोटो मागवा. ज्यांनी घेतलीय ती देतात, आनंदानं देतात.

उरलेल्या पैशांची जाहिरात द्या, पण 'पेजवर आलेली माणसं' निवडू नका, दिरांच्या उद्योगामुळं ती यादी आता भरवशाची नाही. तुमच्या जुन्या गिऱ्हाइकांचे नंबर आहेत ना? त्यांच्या परवानगीनं ती यादी वापरा. ती पुरेशी मोठी नसेल तर सरळ पुणे, मुंबई, ठाणे, नाशिक असं शहर निवडा.

आणि कोल्हापुरी चप्पलेला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय. आपल्याकडचे कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर आणि कर्नाटकातले चार जिल्हे त्यात आहेत. ते मानांकन संत रोहिदास चर्मोद्योग महामंडळाकडं आणि कर्नाटकातल्या त्यांच्यासारख्या महामंडळाकडं आहे. सासऱ्यांची त्यात अधिकृत वापरकर्ता म्हणून नोंद झालीय का? नसेल तर महामंडळाच्या कार्यालयात चौकशी करा. नोंद झाली की मानांकनाचं 'कोल्हापुरी चप्पल' हे नाव तुम्हाला हक्कानं लावता येतं, आणि ते प्रमाणपत्र पेजवर सगळ्यात वर लावता येतं. त्या आठ-दहा हजारवाल्याला ते लावता येणार नाही.

एक राहिलंच. पेजच्या सेटिंगमध्ये 'पेज ॲक्सेस' उघडा आणि ॲडमिन कोण कोण आहे ते बघा. अनोळखी लॉगिन होतं म्हणताय, तर त्यानं स्वतःला ॲडमिन करून ठेवलं असण्याची शक्यता आहे, आणि मग पासवर्ड बदलूनही पेज त्याच्या हातात राहतं. असेल तर आधी त्याला काढा, मग स्वतःचं खातं दुसरं ॲडमिन म्हणून जोडा, म्हणजे उद्या सासऱ्यांचं खातं बंद पडलं तरी पेज घरातच राहील. आजच रात्री बघा आणि इथं लिहा. निघत नसेल तर फोन घेऊन दुकानात या, गुरुवार सोडून कधीही.